'सुटली' म्हणायचं राहून गेलं

काल सकाळी तुमच्या मैदानावर जाऊन आले. ट्रामने गेले, एकटीच. धुकं इतकं दाट होतं की स्टॉपवरून कॉलेजचं फाटकसुद्धा दिसेना. ट्रेंट नदीकडून येणारं ते धुकं तुम्हाला फार आवडायचं. "आज समोरच्यांना आपला उतार दिसणार नाही," असं म्हणत तुम्ही माकडटोपी कानावर ओढायचात. मी कुंपणाला हात लावून उभी राहिले. मैदान नव्हतंच, नुसते आवाज होते. बुटांचे, चेंडूचे, धापांचे. आणि त्या पांढऱ्यातून एक मुलगी ओरडली, "सोड! सोड!"

क्षणभर वाटलं, तुम्हीच. आवाज मुलीचा, पण 'ओ' लांबवण्याची तऱ्हा अगदी तुमची. थोड्या वेळाने त्यांची कोच कुंपणाशी आली, पंचविशीची असेल. तिला मी विचारलं, हा शब्द कुठला. ती म्हणाली, पास दे म्हणायला आम्ही असंच ओरडतो. मला माझ्या कोचने शिकवलं, तिला तिच्या. नॉटिंगहॅमचा जुना शब्द असावा. मी मान डोलावली. खरं सांगितलं नाही. तुमचा शब्द इथल्या मातीचा झाला होता, तो मी उगाच उपटून पुण्याला कशाला न्यायचा?

तुम्हाला जाऊन उद्या चार आठवडे होतील. हे लिहायला बसले ते तारामुळे. तिने आणि अनयने तुमचा फ्युनरल तिकडे वेलिंग्टनमध्ये स्क्रीनवर पाहिला. मागच्या रांगांमध्ये हिरवे मफलर घातलेल्या पंचवीसेक बायका, कोणी पन्नाशीच्या, कोणी साठी ओलांडलेल्या, आणि सगळ्या हमसून रडणाऱ्या. ताराने मला विचारलं, आजी, या सगळ्या कोण होत्या? आबा मॅथ्स शिकवायचे ना? आई तर काहीच सांगत नाही.

म्हणून तुम्हाला लिहिते आहे, वाचणार मात्र ती दोघं. दोघांनाही मराठी वाचता येत नाही, तेव्हा केतकीच त्यांना वाचून दाखवणार. त्यामुळे यातली एक गोष्ट आपल्या मुलीला आधी सांगणं भाग पडलं. ती पुढे येईल. मला क्रमाने सांगायची सवय आहे. त्यावरून तुम्ही पन्नास वर्षं चिडवलंत, आता ऐकून घ्या.

पोरांनो, तुमचे आबा कोच झाले ते खिडकीमुळे. कॉलेजात स्टाफ मीटिंग चालली होती. सिक्स्थ-फॉर्मच्या, म्हणजे अकरावी-बारावीच्या, काही मुलींनी फुटबॉलची टीम हवी असा अर्ज केला होता आणि प्रिन्सिपॉल विचारत होते, कोणी तयार आहे का. त्या काळी मुलींनी फुटबॉल खेळणं म्हणजे लोकांना एक तर विनोद वाटायचा, नाही तर आजार. सगळे बुटांकडे बघत होते. आणि अहो, तुम्हाला थंडी वाजत होती. खिडकी बंद करता येईल का हे विचारायला तुम्ही हात वर केलात, आणि टाळ्या पडल्या. घरी येऊन तुम्ही हे सांगितलंत तेव्हा मी म्हटलं, मग उद्या जाऊन सांगा ना, गैरसमज झाला म्हणून. तुम्ही सॉक्स काढत म्हणालात, "तेरा मुली दाराबाहेर उभ्या होत्या गं. त्यांच्यासमोर कसं सांगू?"

मग लायब्ररीतून पुस्तकं आणलीत, तीही मलाच शोधायला लावून. लहानपणी पुण्यात अनवाणी खेळला होतात तेवढंच तुमचं फुटबॉल. मुलांच्या टीमला सपाट मैदान होतं. तुमच्या मुलींना मिळाला कालव्याकडचा कोपरा, एका बाजूला चांगलाच उतरता. कपडे बदलायला खोलीसुद्धा नव्हती. पहिल्या वर्षी एकही मॅच जिंकला नाहीत. तुम्ही त्यांना शाबास म्हणायचात आणि हाफ-टाइमला संत्र्यांऐवजी शेंगदाण्याचे लाडू द्यायचात. लाडू मी वळायचे. मुलींना आपलं आडनाव पेलायचं नाही; त्या लाडवांना 'मिस्टर डीच्या गोळ्या' म्हणत, बंदुकीच्या.

तुमचं सगळं कोचिंग म्हणजे त्रिकोण. जिच्या पायात चेंडू आहे तिच्या दोन्ही हातांना दोघी असल्याच पाहिजेत, आणि चेंडू तिच्याकडे तीन सेकंदांपेक्षा जास्त राहता कामा नये. हे तुम्ही आमच्या जेवणाच्या टेबलावर शोधून काढलंत, माझ्या मिसळणाच्या डब्यातल्या वाट्या मांडून. हळद गोलमध्ये. मोहरी आणि जिरं पुढे. वाट्या सात आणि खेळाडू अकरा, म्हणून उरलेल्या जागी चहाचे कप. मी नीटनेटकी बाई. डब्यात सगळं आपापल्या जागी असायचं आणि तुमच्या दर मॅचनंतर मला हळदीत मोहरी सापडायची. त्यावरून आपण किती भांडलो. परवा डबा उघडला तर हळदीत नुसती हळद होती. डबा तसाच परत ठेवून दिला.

आता 'सोड'ची गोष्ट. केतकी तोवर मोठी होऊन तुमच्याच कॉलेजात आली होती आणि तुमच्या टीममध्येही. मैदानावर ती तुम्हाला मिस्टर डी म्हणायची आणि गाडीत बसली की बरोबर दुसऱ्या राउंडअबाउटपासून बाबा. कॅप्टन होती जॅनेट, लाल केसांची, धिप्पाड, आणि चेंडू एकदा पायात आला की कोणाला न देणारी. तुमचं इंग्रजी उत्तम, पण तुम्ही तापलात की ते आधी पळून जायचं. "सोड, जॅनेट, सोड!" म्हणून तुम्ही लाइनीवर नाचत होतात. रेफरी होते चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारे एक वयस्कर गृहस्थ. याच उच्चाराची इंग्रजीत एक शिवी आहे. फार मोठी नाही, पण शिक्षकाने मुलींच्या मैदानावर द्यावी अशीही नाही. त्यांनी खेळ थांबवला आणि तुमच्याजवळ येऊन विचारलं, सर, मुलींसमोर ही भाषा? तुम्ही त्यांना तिथेच समजावू लागलात की हे आज्ञार्थी क्रियापद आहे, द्वितीय पुरुष, एकवचन. जॅनेटने मध्येच विचारलं, आणि आम्ही दोघी असलो तर? तुम्ही म्हणालात, "मग सोडा." रेफरींनी रिपोर्टमध्ये लिहिलं म्हणे, की कोचने आधी शिवी दिली आणि मग सोडा मागितला. हे शेवटचं वाक्य तुम्ही रचलेलं असणार. पण पार्टीत तुम्ही ते सांगताना मी कधी खोडलं नाही. तुमच्या एवढ्याच खोट्याला मी साथ दिली, असं म्हणणार होते. पण ते खरं नाही.

तुम्ही गेल्यापासून पहाटे अर्धवट जाग येते तेव्हा तुम्ही दिसता. मैदानावर पांढरी रेघ मारायचं ते चाकाचं यंत्र ढकलत तुम्ही पुढे चालला आहात. पाठमोरे. रेघ सरळ नसते. ती कुठेतरी वळते, धुक्यात जाते, परत येते. मी मागून म्हणते, अहो, वाकडी होतेय. तुम्ही थांबता, पण वळत नाही. मग बॉयलर सुरू झाल्याचा आवाज येतो आणि मी आपल्या खोलीत असते.

तुम्ही का वळत नाही, ते मला माहीत आहे.

केतकीच्या कॉलेजच्या शेवटच्या वर्षी तुमच्या मुली पहिल्यांदाच फायनलला पोचल्या होत्या. फायनल शनिवारी, आणि सोमवारी केतकीचा ए-लेव्हलचा, म्हणजे इथल्या बारावीचा, फिजिक्सचा पेपर. मी फ्रिजवर टाइमटेबल लावलं होतं, दर विषयाला वेगळा रंग. गुरुवारी दुपारी तुम्ही लवकर घरी आलात, खुशीत होतात, चहा स्वतः टाकलात. मी म्हटलं, शनिवारी केतकीला खेळवू नका. तुम्ही हसण्यावारी नेलंत. दोन तासांत फिजिक्स बुडत नाही म्हणालात. मी म्हटलं, पाय मोडला तर? हात मोडला तर? तुम्ही म्हणालात, तिथे ती माझी मुलगी नाही, माझी खेळाडू आहे. तेव्हा मी ते काढलं, जे मी कधी काढत नसे. माझी एम.ए.ची शेवटची परीक्षा आपल्या लग्नाच्या मुहूर्तात गेली होती. पुढच्या वर्षी देता येईल असं तुमच्याकडचे सगळे म्हणाले होते, तुम्हीही. पुढच्या वर्षी आपण इथे होतो. मी म्हटलं, माझी गेली ती गेली, तिची जाऊ देणार नाही.

तुम्ही कप खाली ठेवलात. मग म्हणालात, ठीक आहे, पण तिला सांगेन की हे आईचं म्हणणं आहे. मी घाबरले. ती माझ्यावर आधीच त्या टाइमटेबलवरून चिडलेली होती. मला वाटलं, बाप-लेकीचं भांडण रविवारच्या जेवणापर्यंत मिटेल. माझं आणि तिचं मिटणार नाही.

"तुम्हाला माझ्या गळ्याची शपथ आहे, तिला सांगितलंत तर."

"कॉन्व्हेंटची मुलगी, आणि शपथ?"

"हसू नका. घातली म्हणजे घातली."

तारा, अनय, ही शपथ म्हणजे काय ते तुमच्या आईला नीट सांगता येणार नाही, म्हणून मी सांगते. आमच्या लहानपणी पोरं एकमेकांना अशी शपथ घालायची. मोडली तर जिच्या गळ्याची, ती मरते. आणि ती एकाच प्रकारे उतरते, जिने घातली तिनेच 'सुटली' म्हणायचं. मोठी माणसं याला हसतात. तुमचे आबा तर देवालाही समीकरण विचारणारे. मला वाटलं, पंधरा दिवसांत ते विसरतील.

मी फायनलला गेले नाही. केतकी पूर्ण वेळ ट्रॅकसूट घालून बाकावर बसली होती. एक-शून्यने हरलात. संध्याकाळी दोघं घरी आलात तेव्हा ती तुमच्या शेजारी नाही, गाडीत मागे बसलेली होती. दारातच बूट काढता काढता ती तुम्हाला म्हणाली, "मी चांगली नाही, हे मला आधी सांगायचा ना, बाबा." ओरडली नाही. तुम्ही तिच्या डोक्यावरून माझ्याकडे पाहिलंत. मी उशांचे अभ्रे घडी करत होते. मी घडी घालत राहिले.

फिजिक्समध्ये तिला बी मिळाला. मॅच खेळली असती तरी बीच मिळाला असता, हे तुम्ही एकदाही म्हणाला नाहीत.

तिने बूट चॅरिटीच्या पिशवीत टाकले. पुढे शिकली, नोकरीला लागली, लग्न करून पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला गेली. तुमच्याशी कधी भांडली नाही, हेच वाईट. फोनवर हवा विचारायची, तुमचं ब्लड प्रेशर विचारायची. अनय शाळेत फुटबॉल खेळायला लागला तेव्हा तुम्ही किती आनंदाने तिला त्रिकोणाचं सांगायला गेलात, आणि ती म्हणाली, त्याला कोच आहे, बाबा. तुम्ही फोन माझ्या हातात दिलात आणि बागेत गेलात. तेव्हा मी सांगू शकले असते. त्याआधीही सांगू शकले असते. पहिल्या वर्षी तिच्या परीक्षेचं कारण होतं, दुसऱ्या वर्षी तिच्या रागाचं, आणि मग इतकी वर्षं झाली की उशीर हेच कारण झालं. माझ्यासारख्या बाईला, जिच्या घरात प्रत्येक चावीला चिठ्ठी आहे, ही एक वस्तू कुठे ठेवावी ते कळलं नाही.

तुम्हीही मला कधी टोचलं नाहीत. तीस-पस्तीस वर्षांत एकदाच बोललात, तेही हॉस्पिटलमध्ये. दुपार होती, वॉर्डच्या मोठ्या खिडकीतून ऊन तुमच्या पांघरुणावर पडलं होतं, आणि तुम्ही इतके हलके दिसत होतात की ते ऊनच तुम्हाला धरून आहे असं वाटत होतं. केतकीचं विमान दुसऱ्या दिवशी पोचणार होतं. तुम्ही डोळे न उघडता म्हणालात, "सुटली म्हण ना."

मला कळलं. लगेच कळलं. आणि मी म्हटलं, आधी सूप घ्या. तुम्ही दोन चमचे घेतलेत, माझं मन राखायला. मग झोपलात.

केतकी आली. ती तासभर तुमच्याजवळ एकटी होती आणि मी कॉरिडॉरमध्ये भिंतीवरचा हात धुण्याच्या सूचनांचा तक्ता पुन्हा पुन्हा वाचत होते. ती बाहेर आली आणि तिने विचारलं, पार्किंगचा टाइम संपला असेल का. तेव्हा मला समजलं, तुम्ही सांगितलं नाहीत. मी जिवंत राहावं म्हणून नव्हे, तुमचा त्यावर विश्वास नव्हता. मी सांगायला नको म्हटलं होतं, एवढ्यासाठी. रविवारी सकाळी तुम्ही गेलात. नंतर केतकी पंधरा दिवस माझ्याजवळ होती. तुमचे कपडे आम्ही दोघींनी मिळून आवरले, तरी मी बोलले नाही.

ती परत गेल्यावर ताराचा प्रश्न आला, आणि हे पहिल्यांदा लिहायला घेतलं, आणि फायनलपाशी येऊन थांबले. केतकी हे मोठ्याने वाचणार. मुलांसमोर, एकेक ओळ करत, तिला हे असं कळणार? नाही. त्या दिवशी स्वयंपाकघरात उभी राहून मी आधी तुम्हाला म्हटलं, "सुटली." घरात कोणी नव्हतं. ऐकायला माणूस नसला तर शपथ उतरते की नाही, हे आम्हाला लहानपणी कोणी सांगितलं नव्हतं.

मग फोन केला. क्रमाने सांगितलं, गुरुवार, चहा, माझी एम.ए., शपथ. तिने मध्ये एकदाही अडवलं नाही. शेवटी म्हणाली, "पस्तीस वर्षं, आई. आणि बाबा असताना तू का नाही सांगितला?" मी उत्तर द्यायच्या आत फोन बंद झाला.

दोन दिवस काही नाही. मी रोजची कामं केली. परवा संध्याकाळी, तिच्याकडे सकाळ असताना, तिचा फोन आला. नमस्कार नाही, कशी आहेस नाही.

"मी कुठे खेळणार होता?"

केतकीचं मराठी मी आयुष्यभर दुरुस्त करत आले. होता नाही, होते. या वेळी गप्प बसले. आणि उत्तरही मला माहीत नव्हतं. इतकी वर्षं तुमच्या वाट्या गोळा केल्या, पण कोण कुठे उभं राहतं हे मी कधी समजून घेतलं नाही. म्हटलं, विचारून सांगते.

जॅनेटला फोन लावला. ती आता आजी आहे, केस पांढरे झालेत, तुमच्या फ्युनरलला त्या हिरव्या मफलरवाल्यांत सगळ्यात पुढे तीच उभी होती. तिने क्षणभरसुद्धा विचार केला नाही. लेफ्ट विंग, मिसेस डी, डाव्या कडेने पुढे, ती म्हणाली. गुरुवारी सकाळीच त्यांनी मला टीम सांगितली होती, केतकीचं नाव पहिलं. शुक्रवारी म्हणाले, बदल आहे. मी कारण विचारलं, तर म्हणाले, कोचला सगळी कारणं सांगता येत नाहीत. मी खूप चिडले होते त्यांच्यावर. ती नसती बाकावर बसली तर आपण जिंकलो असतो.

मी केतकीला सांगितलं. लेफ्ट विंग. तुझं नाव पहिलं होतं.

"पण मी राइट-फूटेड आहे," ती म्हणाली. जरा वैतागूनच, जणू जॅनेटची चूक सापडली. मग पुढचं वाक्य सुरू केलं आणि मध्येच थांबली.

"आई. गॅरेज."

मला आधी कळलं नाही. मग तो आवाज आठवला, धप्प, धप्प, त्या सबंध हिवाळ्यातला. अभ्यासातून सुट्टी मिळाली की तुम्ही तिला घराच्या मागे न्यायचात आणि गॅरेजच्या भिंतीवर चेंडू मारायला लावायचात, फक्त डाव्या पायाने. ती रडकुंडीला यायची. मी खिडकी उघडून ओरडायचे की भिंतीचा रंग जातोय. ती म्हणाली, मला वाटायचं, माझा डावा पाय वाईट आहे म्हणून ते मला शिक्षा देतात, गणित चुकलं की परत करायला लावायचे तसं. चार महिने, आई. ते मला त्या जागेसाठी तयार करत होते. कोणालाच सांगितलं नाही त्यांनी. मला पण नाही.

मी म्हटलं, ठेवू का आता, तुला कामाला उशीर होईल.

"नको. फोन ठेवू नको."

मी ठेवला नाही. तिकडे नळ वाहिल्याचा आवाज आला, मग टोस्टरचा, मग ताराने काहीतरी विचारलं. केतकी तिला म्हणाली, "थांब जरा, मी आजीशी बोलतेय."

आम्ही बोलत नव्हतो. पण मी ते दुरुस्त केलं नाही.